एकाच ताग्यातल्या दोघी

माझ्या धंद्याचा पहिला नियम असा होता की गिऱ्हाइकानं कपडा एकदाच घालायचा. तोच कपडा दुसऱ्यांदा लोकांना दिसला की गिऱ्हाइकाची अब्रू गेली. हे वाचून माझ्या पिढीच्या बायका कपाळाला हात लावतील. जुन्या साडीची गोधडी, गोधडीचं पायपुसणं आणि पायपुसण्याचं शेवटी फडकं करणाऱ्या आम्ही. मीही कपाळाला हात लावला होता. मग मशीन सुरू केलं आणि बरीच वर्षं थांबवलं नाही.

ही ऐंशीच्या दशकातली गोष्ट. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात, फ्लॅटबुशला माझं कपडे अल्टर करून देण्याचं छोटं दुकान होतं. एका बाजूला केसांचं सलून, दुसऱ्या बाजूला जमैकन बेकरी. दुपारी दोन्हीकडचे वास माझ्या इस्त्रीच्या वाफेत मिसळायचे. आमचे हे शहरातल्या एका कचेरीत ड्राफ्ट्समन होते, त्यामुळे सरळ रेष आखणं हे त्यांचं काम आणि ती वळवणं हे माझं, असं ते पाहुण्यांना सांगायचे. शिवण मला माहेरून मिळालं. वडील सांगलीला शिंपी. पावसाळ्यात सर्कशी आमच्या बाजूला मुक्कामाला येत, तेव्हा झुल्यावरच्या लोकांचे कपडे वडिलांकडे शिवायला यायचे. ते मला म्हणत, "कपडा उभ्या माणसाला बसतो यात काय विशेष? उलट्या टांगलेल्या माणसाला बसला पाहिजे." हे शिक्षण मला अमेरिकेत उपयोगी पडेल असं त्यांना किंवा मला स्वप्नातही वाटलं नव्हतं.

सुरुवातीला माझ्याकडे ऑफिसच्या पँटी खालून दुमडायला यायच्या. मग डान्सहॉलवाले आले. डान्सहॉल म्हणजे काय ते सांगते. नावात हॉल असला तरी त्याला हॉल लागतोच असं नाही. जमैकात हा नाच अंगणात, मोकळ्या प्लॉटवर, रस्त्यातच चालायचा. ती माणसं ब्रुकलिनला आली आणि इथल्या रस्त्यातही तेच सुरू झालं. कपाटाएवढे स्पीकर एकावर एक रचायचे, एकानं रेकॉर्डी लावायच्या, दुसऱ्यानं माइक धरून तालात बोलत राहायचं, आणि मधल्या रिंगणात नाच. तो गुडघ्यात वाकून, कमरेतून, अगदी जमिनीला टेकेपर्यंत खाली जाऊन करायचा. एखादीनं नवी स्टेप काढली आणि लोकांना आवडली तर तिचं तिथल्या तिथे बारसं व्हायचं. व्हिडिओ टेपांवरून ती स्टेप टोरांटोला, लंडनला आणि परत किंग्स्टनला जायची.

नाचणाऱ्या बायका आठवडाभर पांढऱ्या नाहीतर आकाशी युनिफॉर्ममध्ये असत. कुणी हॉस्पिटलात, कुणी दुसऱ्यांच्या म्हाताऱ्या आयांना आंघोळ घालायला. सगळा आठवडा त्यांच्याकडे कुणी मान वर करून बघायचं नाही. सुट्टीच्या दिवशी मात्र त्या अशा काही नटून उतरायच्या की हिरव्या सिग्नललाही गाड्या थांबाव्यात. हे मला कळलं तेव्हापासून एकदाच घालायच्या कपड्याबद्दलची माझी कुरकुर बंद झाली.

गिऱ्हाइकं एकेक नमुना. एकानं साधा काळा कोट शिवून घेतला आणि अस्तर मागितलं भडक केशरी. "मिस शोभा, मी सरळ उभा असलो की सभ्य दिसलो पाहिजे, आणि गिरकी घेतली की तसा दिसता कामा नये." दुसऱ्याला जाळीचं बनियन घट्ट करून हवं होतं, पण शिवणीच्या दोन्ही बाजूंची जाळीची भोकं जुळली पाहिजेत म्हणे. मी ती जुळवली, आणि त्या नादात माझे डोळे कायमचे तिरळे व्हायचे तेवढे बाकी राहिले. एका बाईनं तर दिवाणखान्याचा लेसचा पडदाच काढून आणला. ती माझ्यासमोर मापं देत होती, तेव्हा तिचा नवरा घरी उघड्या खिडकीसमोर वर्तमानपत्र धरून उभा होता.

न्यू जर्सीच्या मंडळात गणपतीला भेटलेल्या बायका विचारायच्या, "शोभाताई, तुम्ही एक्झॅक्टली काय शिवता हो?" मी म्हणायची, "युनिफॉर्म." याचं मला आजही वाईट वाटतं. माझं सगळ्यात चांगलं काम मी आपल्या माणसांना कधी दाखवलं नाही.

मार्वा माझ्याकडे आली ती अब्रू गेल्यानंतर. उंच, समोरच्या दातांत फट, दुकानात पाऊल टाकायच्या आधी दारातूनच आरशात बघणारी. एका आजारी म्हातारीकडे ती दिवसभर कामाला असे. आदल्या उन्हाळ्यात, रस्त्यावरच्या नाचात, ती ऐन रंगात येऊन खाली बसली आणि पँट मागून उसवली. सगळा रस्ता हसला. सगळ्यात मोठ्यानं हसली ती तिची सख्खी धाकटी बहीण, इव्हॉन. तेव्हापासून दोघी एकमेकींशी बोलत नव्हत्या. इव्हॉननं नाचणाऱ्यांचा आपला वेगळा गट काढला होता.

मार्वाचं बोलणं जमैकन इंग्रजीतलं; ते मला जसंच्या तसं लिहिता येणार नाही, म्हणून माझ्या मराठीत देते.

"मिस शोभा," ती म्हणाली, "मी जमिनीवर बसले तरी फाटणार नाही असं काही तू शिवू शकतेस का?"

मी तिला ती उसवलेली पँट आणायला सांगितली. पँटीत एक जागा अशी असते की तिथे चारही बाजूंच्या शिवणी एकत्र येतात. खाली बसलं की सगळा ताण त्या एका टोकावर. सर्कशीच्या कपड्यांत वडील तिथे पतंगाच्या आकाराचा एक तुकडा जोडायचे. त्यामुळे चारही शिवणी एकमेकींपासून लांब राहतात आणि ताण वाटला जातो. बाहेरून तो तुकडा दिसतही नाही. मी मार्वाला जुनी पँट तशी करून दिली. ती माझ्यासमोर दुकानातच धाडकन खाली बसली, वर आली, परत बसली. मग बराच वेळ हसत राहिली.

त्या उन्हाळ्यात परत तोच नाच होणार होता. दुपारपासून गल्ली बंद करून, रविवारी. आणि या वेळी लंडनहून एक माणूस बघायला येणार होता. तिकडे रंगमंचावर डान्सहॉलचे कार्यक्रम करायचे होते आणि त्याला ब्रुकलिनमधून नाचणारी हवी होती. मार्वाला जायचं होतं. इतकं जायचं होतं की त्याबद्दल बोलताना ती आवाज खाली आणायची. त्याच रस्त्यावर, त्याच लोकांसमोर, आणि या वेळी न फाटता.

कापड तिनं स्वतः शोधून आणलं. धूपछाँव रंगाचं, एका बाजूनं हिरवं दिसावं आणि वळलं की तांबूस. ताग्याचा शेवटचा भाग होता. असलं कापड दुकानात परत येणार नाही असं दुकानदारानं सांगितलं म्हणून तिनं होतं तेवढं सगळं उचललं. पोशाख कापून उरलेलं कापडही ती घरी नेईना. "तुझ्याकडेच ठेव, लपवून. रविवारच्या आधी कुणी बघितलं तर माझं संपलं." तिथे दोन बायका एका कापडात दिसणं म्हणजे भांडणाला आमंत्रण. जी नंतर आली ती नक्कल करणारी ठरायची. मी तागा चादरीत गुंडाळून मागच्या फळीवर ठेवला.

नेमक्या तेव्हाच वाईहून सासूबाई आल्या होत्या. नऊवारी, त्यावर माझा स्वेटर आणि पायात कॅनव्हासचे बूट. हातातल्या बांगड्यांत नेहमी सेफ्टी पिना अडकवलेल्या. घरात त्यांना करमेना म्हणून दुकानात येऊन काजं करत बसायच्या. गिऱ्हाइकं त्यांना ग्रॅनी म्हणायची. इंग्रजी येत नसल्यानं त्या सगळ्यांशी मराठीत बोलायच्या आणि काय आश्चर्य, लोक उत्तरंही द्यायचे. मार्वावर त्यांचा विशेष जीव. तिला चहा पाजल्याशिवाय सोडत नसत.

शुक्रवारी संध्याकाळी मार्वाचा पोशाख मी पुरा केला. वर आखूड चोळी, खाली घट्ट पँट. चोळीला एक फूल जोडावं म्हणून उरलेलं कापड काढायला फळीवर हात घातला, तर चादर रिकामी.

"आई, इथलं कापड कुठे गेलं?"

"दिलं की त्या मार्वाच्या बहिणीला," सासूबाई काजावरून नजर न काढता म्हणाल्या. "परवा तू बँकेत गेली होतीस ना, तेव्हा आली होती. बटण लावून हवं होतं तिला. दिलं लावून."

"ती मार्वाची बहीण हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

"सांगायला कशाला पाहिजे? दातातली फट तीच, चालणं तेच. आणि दारातनं आधी आरशात बघायची खोडही तीच. माझी काय नजर गेलीय का? थोरलीला एवढं सुंदर कापड आणि धाकटी हात हलवत परत जाणार? मला नाही बघवलं. तुझ्या नवऱ्याला विचार, दिवाळीत मी एकच तागा आणायची. घरातली सगळी पोरं त्याच्यातच. कुणी कुणाकडं बघून रडायचं नाही."

मी स्टुलावर बसले. त्यांना समजावून सांगितलं. इथे सारखेपणा म्हणजे अपमान, दोघींचं बोलणं बंद, लंडनचा माणूस, सगळं. सासूबाईंच्या हातातली सुई थांबली. मग म्हणाल्या, "सख्ख्या बहिणी ना गं त्या?"

इव्हॉन कुठे राहते हे मला ठाऊक नव्हतं. कापड ती स्वतःच शिवणार हे उघड होतं. ते कुणाचं हे तिलाही माहीत नव्हतं. घरी आमचे हे म्हणाले, "मार्वाला सांगून टाक. रस्त्यावर कळण्यापेक्षा तुझ्या तोंडून कळू दे." सरळ रेषेचा माणूस.

शनिवारी सकाळी मार्वा पोशाख न्यायला आली. मी सांगितलं. ती ओरडेल असं मला वाटलं होतं, पण ती काउंटरला टेकून उभी राहिली आणि पोशाखाकडे बघत राहिली.

"मी आत्ता दुसरं कापड आणते," मी म्हणाले. "आज दिवसभरात शिवते. पतंग जोडून देते."

"नको. यातली शिवण मी ट्रायलला खाली बसून तपासलीय. नव्याचा भरवसा उद्यापर्यंत नाही यायचा मला."

"मग तुझं आधीचं एखादं..."

तिनं माझ्याकडे असं बघितलं की मी जीभ चावली. आधीचं! इतकी वर्षं या लोकांत काढून मी हे बोलले.

सासूबाई चहा घेऊन आल्या. कप तिच्या हातात देऊन मराठीतच म्हणाल्या, "माझ्यावर रागव हवं तर. तिच्यावर नको. तिला काही ठाऊक नाही." मी ते तिला इंग्रजीत सांगितलं. मार्वानं चहा प्यायला, पोशाख घेतला आणि दारातून वळून म्हणाली, "ग्रॅनीला सांग, रागवायला मला उद्यानंतर वेळ आहे."

रविवारी आम्ही तिघंही गेलो. मला जायचं नव्हतं. सासूबाई ऐकेनात. "मी घोळ केला, मी बघणार." त्यांना कुणीतरी पुढच्या रांगेत घडीची खुर्ची दिली. स्पीकरच्या ठोक्यानं त्यांच्या बांगड्या आपोआप किणकिणत होत्या. त्यांच्या नऊवारीच्या कासोट्याकडे बघून एक मुलगी माझ्या कानात ओरडली, "मिस शोभा, ही पँट आहे की साडी? मला अशी पाहिजे!" लंडनचा माणूस शेजारीच उभा होता. साधा टी-शर्ट घातलेला, अगदी बेतास बात. मला वाटलं, याच्यासाठी एवढं?

इव्हॉन आधी आली. हिरवं-तांबूस कापड उन्हात पेटल्यासारखं. आखूड जाकीट, घट्ट पँट. सफाई नव्हती, पण डोळा चांगला होता. मी सवयीनं कमरेखाली बघितलं. चार शिवणी एका टोकाला.

मग दुसऱ्या बाजूनं मार्वा आली आणि रस्ताभर "ओऽऽ" झालं. माइकवाल्याला तर पर्वणीच. इव्हॉन जागच्या जागी थिजली. तिच्या चेहऱ्यावरचा राग, आश्चर्य आणि मग भीती मला स्पष्ट दिसली. नंतर आली होती मार्वा, म्हणजे नक्कल करणारी तीच ठरणार होती. पण माघार कुणीच घेईना. रेकॉर्ड लागली आणि दोघी समोरासमोर नाचायला लागल्या. मी आजवर तसला नाच पाहिलेला नाही. मार्वा खाली बसली, जमिनीला टेकून वर आली. शिवण टिकली. मी श्वास सोडला. इव्हॉन खाली बसली.

आणि वर येईना.

त्या आवाजात कापड फाटलेलं ऐकू येणं शक्यच नव्हतं. पण मला कळलं, आणि माझ्याआधी मार्वाला कळलं. मागच्या उन्हाळ्यात तीच त्या जागी होती. मागच्या लोकांत एक-दोघांना हसू फुटलंसुद्धा. मार्वा बहिणीकडे बघत उभी राहिली. तिनं नुसतं उभं राहायचं होतं, बाकी सगळं रस्त्यानंच केलं असतं. लंडनचा माणूस बघत होता. मला वाटतं, मी तेव्हा देवाचं नाव घेत होते, पण कुणासाठी ते आठवत नाही.

मार्वा वळली. इव्हॉनच्या मागे गेली, तिच्या पाठीला पाठ लावून खाली बसली आणि तालावर दोघी एकदम उठायला लागल्या. पाठी एकमेकींना चिकटलेल्या, कमरा डावी-उजवीकडे घासत, हळूहळू वर. कापड एकच असल्यानं एक कुठे संपते आणि दुसरी कुठे सुरू होते हे दिसेना. पुऱ्या उभ्या राहिल्या तेव्हा फाटलेली जागा दोघींच्या मधे बंद झाली होती. मग तशाच पाठमोऱ्या, खेकड्यासारख्या आडव्या सरकत त्यांनी रिंगणाला फेरी घातली.

लोक वेडे झाले. शिट्ट्या, पिपाण्या, कुणी स्पीकरच्या खोक्यावर हात आपटतंय. माइकवाला ओरडला, "झिपर! याचं नाव झिपर!" झिपर म्हणजे आपली कपड्याची चेन, दोन कडा मिटवणारी. आणि आमच्या डोळ्यांदेखत रस्त्यावरच्या लोकांनी पाठीला पाठ लावून खाली बसायला सुरुवात केली.

फेरी आमच्यासमोर आली तशा सासूबाई उठल्या. पदर कमरेला खोचला आणि रिंगणात शिरल्या. बांगडीतली एकेक सेफ्टी पिन काढत दोघींच्या मधे हात घालून त्यांनी भराभर शिवण मिटवली. तोंडानं चाललेलंच होतं, "हलू नको गं बाई, टोचेल." लोकांना वाटलं म्हातारीही नाचातलीच. त्यांनी तिच्यासाठी वेगळ्या शिट्ट्या मारल्या. पिना लावून झाल्यावर दोघी वेगळ्या झाल्या, वळल्या आणि एकमेकींकडे बघून त्याच फटीच्या दातांनी हसायला लागल्या. मग रडायलाही लागल्या. मी तर केव्हाच लागले होते. शुक्रवारपासून छातीवर बसलेला धोंडा उतरला होता, आणि तो इतका जड होता हे मला उतरल्यावर कळलं.

"बघ," सासूबाई खुर्चीत बसत म्हणाल्या. "वेगळं कापड असतं तर झाकलं गेलं असतं का?"

लंडनच्या माणसानं मार्वाला विचारलं, "तुम्ही दोघी एकत्रच नाचता ना?" मार्वा म्हणाली, "लहानपणापासून." हे खोटं होतं असं म्हणवत नाही. दोघी लंडनला गेल्या. थंडी सुरू झाल्यावर परत आल्या आणि माझ्याकडून कोट आखूड करून घेतले. झिपर तोवर टोरांटोला पोचलं होतं. सासूबाई वाईला गेल्या आणि जन्मभर सगळ्यांना सांगत राहिल्या की अमेरिकेत मी नाचून आले. आता त्या नाहीत.

दुकान बंद करून मी लेकीकडे, अमेरिकेच्या दुसऱ्या टोकाला, रेडमंडला आले त्यालाही बराच काळ झाला. लेक आणि जावई सॉफ्टवेअरमध्ये. बाहेर पाऊस, घरात घरघर करणारा डिशवॉशर. मागच्या महिन्यात नात ईशा नाचाच्या क्लासमधून आली. डान्सहॉल शिकते ती. शिकवणारी बाई ओसाकाची, जपानी. ती म्हणे जमैकात राहून शिकून आली.

"आजी, बघ, न्यू स्टेप," ईशा म्हणाली. मैत्रिणीला उभं केलं, पाठीला पाठ लावली आणि दोघी तालावर खाली बसून घासत वर आल्या. "इट्स कॉल्ड झिपर. टीचर म्हणाली, फार जुनी स्टेप आहे. इट्स अबाउट ट्रस्ट. म्हणजे तुझी पाठ कोणीतरी सांभाळतंय, असं."

मी त्यांना ती परत एकदा करून दाखवायला लावली. मग विचारलं, "ही कुणी काढली, सांगितलं का टीचरनं?"

"नो वन नोज, आजी. स्ट्रीटवर अशाच होतात त्या."

शोसाठी सगळ्या मुलींना एकसारखे कपडे होते. ईशा त्यावरून फुरंगटली होती, "सगळ्यांचं सेम, सो बोरिंग!" मी म्हटलं, असू दे, बाळा, सेमच बरं. तिच्या हातातून पँट घेतली, उलटी केली आणि खिडकीच्या उजेडात धरली. चार शिवणी एका टोकाला.

मी चष्मा लावला आणि सुई ओवली.